हलगी हवी, हलगीवाला कुणाला हवाय?

सोलापुरात डीजेविरुद्ध उघडपणे बोलणारी माणसं वाढली आहेत आणि ते बरंच झालं. मिरवणुकीच्या वाटेवर राहणाऱ्यांनी, त्यातही घरात पेशंट किंवा तान्हं लेकरू असणाऱ्यांनी, हा छळ वर्षानुवर्षं मुकाट सोसला. ध्वनिप्रदूषणाचे नियम २००० सालापासून आहेत. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल आणि रात्री ४५ एवढी मर्यादा कागदावर आहे. भिंतीएवढे स्पीकर लावलेल्या ट्रकपुढे या आकड्यांचं काय होतं, ते गावाला माहीत आहे. त्यामुळे लोक निवेदनं घेऊन गेले, बैठका झाल्या, मंडळांना बोलावणी गेली.

अशा प्रत्येक बैठकीत कुणीतरी उठून म्हणतंच, "त्यापेक्षा आपली पारंपरिक वाद्यं काय वाईट होती? हलगी लावा की!" या वाक्याला टाळ्या पडतात, चहा येतो, बैठक संपते. पुढे मंडळवाले पथकं शोधायला लागतात. फेटे, झब्बे आणि भगवे ध्वज घेतलेलं पुणेरी थाटाचं ढोल-ताशा पथक किंवा कुठला तरी बँजो ठरतो. हलगीवाला कुठं राहतो, त्याचा ताफा अजून आहे की मोडला, त्याचा पोरगा वाजवतो की पुण्याला कंपनीत लागला, हे विचारायला त्याच्या वस्तीत कुणी जात नाही.

हलगी मागे पडली याचं खापर आपण डीजेवर फोडतो, कारण ते सोयीचं आहे. माझ्या मते डीजे फार उशिरा आला. हलगीचा पाया त्याच्या कितीतरी आधी खचला होता आणि तो खचणं काही अंशी योग्यच होतं. ज्यांना हलगी खरोखर वाचवायची आहे त्यांनी हा अवघड भाग आधी नीट समजून घ्यावा. नाहीतर जतनाच्या नावाखाली आपण जुनीच वेठ नव्या बॅनरखाली सुरू करू.

वाद्य म्हणून हलगी दिसायला अगदी साधी. लाकडी किंवा लोखंडी कडं आणि त्यावर ताणून बसवलेलं कातडं. वाजवणारा ती डाव्या खांद्यातून अडकवून अंगाशी धरतो. उजव्या हातात आखूड, जाडसर टिपरू असतं. डाव्या हाताच्या बोटांत बारीक, लवचिक काडी असते आणि ती वरून कातड्यावर टेकलेली असते. टिपरूचा घाव मोठा, पण हलगीची ओळख त्या बारीक काडीत आहे. दोन घावांच्या मधली जागा ती तडतडत भरून काढते. नवशिक्याचा उजवा हात काही दिवसांत चालायला लागतो. डावा मात्र वर्षं खातो. जाणकार माणूस लांबून नुसता डावा हात ऐकून सांगतो, की हा शिकून आलाय की नुसता बडवतोय. जोडीला घुमकं, म्हणजे खोल आवाजाचं चर्मवाद्य, असलं तर खालचा भरदार सूर मिळतो, कैताळ, म्हणजे झांजा, असलं तर वरची धार मिळते.

आणि कातडं हवेला फार नाजूक. पावसाळ्यात आणि थंडीच्या पहाटे ते दमट होऊन सैल पडतं, आवाज बसतो. मग रस्त्याच्या कडेला कागद, पाचट, मिळेल ते पेटवून हलगी शेकायची. कडं दोन्ही हातांत धरून जाळावर फिरवायची, मधेच बोटाने टिचकी मारून कान लावायचा, पुन्हा फिरवायची. कमी शेकली तर बद्द वाजते, जास्त शेकली तर कातडं फाटतं आणि त्या दिवसाची कमाई त्याच्याबरोबर जाते. किती शेकायची हे कोणत्याही पुस्तकात लिहिलेलं नाही.

यापेक्षा मोठी विद्या प्रसंग ओळखण्याची. जत्रेतल्या कुस्त्यांच्या फडात हलगीवाला पैलवानांच्या पायांकडे बघून वाजवतो. खडाखडी चालू असते तोवर लय धरून ठेवतो, कुणी पट काढायला घुसला की चढवतो आणि पाठ लागायच्या बेताला आली की सगळा फड उभा करतो. लेझमीला वाजवताना मात्र हे असलं चालत नाही. तिथं शंभर पोरांची पावलं एका घाईवर, म्हणजे एका ठेक्यावर, ठेवायची असतात, हलगीवाल्याला अंगात आलं की डाव मोडला. देवाच्या पालखीपुढचं वाजवणं वेगळं, बेंदराला बैलांपुढचं वेगळं. दवंडीच्या वेळी चार घाव मारून थांबायचं असतं, कारण पुढे माणसाला बोलायचं असतं. मयताच्या पुढे तर लय अशी पडते, की वरच्या मजल्यावरचा माणूस खिडकी न उघडता ओळखतो.

आज ऐकू येते ती बहुतेक एकच हलगी, वरातीची. शेवटच्या टप्प्यातली, सगळ्यात जलद, नाचायला सोयीची. सिनेमाच्या गाण्यात हलगीचा तुकडा आला की थिएटर नाचतं, रील्सवर तर हलगीचा पूरच आहे. त्यामुळे "हलगी कुठं संपलीय?" असा प्रश्न कुणी विचारला तर त्याला खोटं पाडता येणार नाही. वाद्य आहेच. त्याच्या पोटातल्या संथ चाली, थांबायच्या जागा, प्रसंगाप्रमाणे बदलायची अक्कल, हे संपत चाललंय. ज्यांच्या हातात ते आहे ती माणसं साठी-सत्तरीत आहेत.

सोलापूरला या वाद्याविषयी बोलायचा हक्क जरा जास्तच आहे. इथं मराठी, कन्नड आणि तेलुगू एकाच गल्लीत नांदतात आणि तिन्ही भाषांकडे या प्रकारचं वाद्य आहे. मराठवाड्यातून आलेला, विजापूरकडचा आणि तेलंगणातून मागासाठी आलेल्या विणकराच्या घरातला, असे तिघेही या आवाजाला आपलाच म्हणतात. संक्रांतीची सिद्धरामेश्वरांची गड्डा यात्रा घ्या. अडुसष्ट लिंगांचा तैलाभिषेक, संमती कट्ट्यावरचा अक्षता सोहळा, होम मैदानावरचा होम, या सगळ्यांतून सात नंदीध्वज डौलाने फिरतात. बाराबंदी घातलेली माणसं ते उंच, जड नंदीध्वज पेलत असतात आणि पुढे वाद्यं वाजत असतात. या सातांपैकी सहाव्या आणि सातव्या नंदीध्वजाचा मान मातंग समाजाकडे आहे. म्हणजे गावगाड्यात ज्यांच्या गळ्यात हलगी अडकवली, त्यांच्याच खांद्यावर ग्रामदैवताचा ध्वजही आहे. या यात्रेच्या समतेचं कौतुक आपण भाषणातून भरपूर करतो. ध्वज पेलणाऱ्या हाताला मान आणि वाजवणाऱ्या हाताला सुपारीचे उरलेसुरले पैसे, हा फरक मात्र भाषणात येत नाही.

याच जिल्ह्यात आणखी दोन चर्मवाद्यं आहेत आणि त्यांची गत हलगीसारखी झालेली नाही. पंढरपुरात कुठल्याही मठात जा, पोरं मृदंगावर बसलेली दिसतील. त्यांतली बरीचशी गरीब घरची. पण पाठीशी संस्था आहेत. जोग महाराजांनी १९१७ साली आळंदीला वारकरी शिक्षण संस्था काढली आणि तिच्या वळणावर पुढे ठिकठिकाणी मुलं शिकत गेली. मृदंग शिकणारा मुलगा उद्या कीर्तनात उभा राहतो, लोक त्याला 'महाराज' म्हणतात, त्याच्या पाया पडतात. मृदंगावरही कातडंच आहे, पण ते वाजवणाऱ्याला कुणी दाराबाहेर बसवत नाही.

दुसरं उदाहरण मंगळवेढ्याकडच्या हुलजंतीचं. दिवाळीत महालिंगरायाच्या यात्रेला पालख्यांची भेट होते, भंडारा उधळतो आणि धनगरी ढोल घुमतात. तिथं बाहेरून आलेला प्रेक्षक नसला तरी काही बिघडत नाही. वाजवणारे, नाचणारे आणि ज्याच्यापुढे वाजवायचं तो देव, सगळे एकाच घरचे. ढोल वाजवणं ही त्यांची स्वतःची सेवा आहे, दुसऱ्याच्या दारची चाकरी नव्हे. म्हणून पोरं मुंबईत कामाला असली तरी दिवाळीला येऊन ढोल गळ्यात घालतात.

हलगीच्या मागे यातलं काहीच नव्हतं, ना मठ, ना स्वतःच्या देवाची पालखी. मागे होता तो गावगाडा. वाजवणं हा हक्क नव्हता, ते काम होतं आणि ते जातीने ठरवून दिलेलं होतं. मातंगाने, होलाराने वाजवायचं. दवंडी पिटायची, सणाला पाटलाच्या दारात वाजवायचं, लग्नात वरातीपुढे चालायचं आणि जेवायला शेवटी, लांब बसायचं. बदल्यात सुगीला धान्य, सणाचं वाढणं, एखादं जुनं धोतर. नकार द्यायची सोय नव्हती. ज्याला आपण आज परंपरा म्हणतो, तिला आतून बघणाऱ्याने वेठ म्हटलं तर त्याचं काय चुकलं?

बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबईच्या कायदे मंडळात वतनाच्या कायद्यात सुधारणा करण्याचं विधेयक आणलं होतं. वतन, म्हणजे पिढीजात गावकाम आणि त्याबदल्यात मिळणारा हक्क, माणसाला गावाशी बांधून ठेवतं, हे त्यांचं म्हणणं होतं. मेलेली गुरं ओढू नका, हलकी ठरवलेली कामं सोडा, हा संदेश गावोगाव पोचला. १९५६ च्या धर्मांतरानंतर अनेक वस्त्यांत लोकांनी देवापुढचं आणि गावापुढचं वाजवणं ठरवून थांबवलं. १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ ग्रामवतनं गेली. काही घरांत हलगी फोडली गेली, काहींनी ती माळ्यावर टाकली आणि पोरांच्या हातात पाटी दिली. हा निर्णय लोकसंस्कृतीच्या परिसंवादात 'ऱ्हास' या सदरात टाकला जातो तेव्हा माझं डोकं फिरतं. ती माणसं एक कला विसरली नाहीत, त्यांनी एक जाच झुगारला. त्या घरातल्या आजच्या तरुणाने हलगीला हातही लावला नाही तरी त्याला बोल लावायचा अधिकार मला नाही, तुम्हालाही नाही.

पण याच इतिहासाची दुसरी बाजू अशी, की वेठ गेली आणि तिच्याबरोबर मिळणारं धान्यही गेलं. त्याच्या जागी रीतसर मोबदला मात्र आला नाही. मधल्या मधे हलगीवाला ना बलुतेदार राहिला, ना कलावंत झाला. तो 'वाजवणारा' झाला, फोन केला की येणारा, भाव करून घेतला जाणारा. डीजेचं भाडं लाखात सांगितलं तरी मंडळाचा खजिनदार ऐकून घेतो. हलगीच्या ताफ्याने पाच-सहा माणसांचे दिवसभराचे पैसे सांगितले की तोच खजिनदार म्हणतो, "एवढे कशाला बे, चामडं तर वाजवायचंय."

वरातीत त्याच्याशी काय होतं ते सगळ्यांनी पाहिलंय. नाचणारा नोट काढतो, ती वाजवणाऱ्याच्या कपाळाला लावतो, नाहीतर दातात धरून दाखवतो आणि ती तोंडाने घ्यायला लावतो. कधी नोट खाली टाकून वाजवता वाजवता वाकून उचलायला सांगतात. बघणारे शिट्ट्या मारतात. हे सगळं पारंपरिकच आहे बरं का! एक वयस्क हलगीवादक, ज्यांना आसपासचे सगळे मामा म्हणतात, मला म्हणाले होते, "माझं पोरगं शिकायलंय. वाजवायला यायलंय त्याला, हात चांगलाय. पण लोकांपुढं न्हाई वाजवू देणार. घरात वाजवू दे." त्यांच्या बोलण्यात कडवटपणा नव्हता. हिशोब होता. मुलाचा हात चांगला आहे याचा अभिमान आणि त्याच हाताला चारचौघांत नोट उचलावी लागेल याची भीती, दोन्ही एकाच दमात बोलून ते मोकळे झाले. हलगीचा प्रश्न मला या बोलण्याइतका स्पष्ट कुठल्याही चर्चासत्रात ऐकायला मिळाला नाही.

आता जतनाचे जे मार्ग सुचवले जातात ते या हिशोबावर घासून बघू. पहिला मार्ग महोत्सवाचा. वर्षातून एकदा मंच, दिवे, पाहुणे, शाल-श्रीफळ. ताफ्याला दहा मिनिटं मिळतात आणि त्या दहा मिनिटांत ते साहजिकच वरातीचंच वाजवतात, कारण टाळ्या त्यालाच पडतात. याने नुकसान होत नाही, एवढंच म्हणता येईल.

दुसरा मानधनाचा. ज्येष्ठ साहित्यिक आणि कलाकारांसाठी राजर्षी शाहू महाराजांच्या नावाची राज्य सरकारची योजना आहे, तिच्यात आता महिन्याला ५,००० रुपये मिळतात. चांगली योजना आहे, ती असायलाच हवी. पण पन्नाशी उलटल्यावर मिळणारं मानधन हा म्हातारपणाचा आधार झाला, त्याने विसाव्या वर्षी कुणी हलगी हातात घेत नाही. शिवाय कलावंत असल्याचे पुरावे जोडावे लागतात. गायकाकडे कार्यक्रमपत्रिका असतात, नाटकवाल्याकडे कात्रणं असतात. आयुष्यभर वराती आणि जत्रा वाजवलेल्या माणसाने काय जोडायचं? लग्नाच्या पत्रिकेत भटजींचं नाव नसेल एक वेळ, पण मामा, काका, आत्या सगळे असतात. हलगीवाल्याचं नाव मी अजून एकाही पत्रिकेत वाचलेलं नाही.

तिसरा मार्ग सध्या सगळ्यांना आवडतो: शाळा-कॉलेजातल्या, सगळ्या जातींच्या मुलामुलींची पथकं काढायची. ढोल-ताशाचं असंच झालं. इंजिनिअर, डॉक्टर, मुली, सगळे ढोल बांधून उतरले आणि वाद्याला प्रतिष्ठा आली. हलगीलाही तसं व्हावं का? माझं उत्तर अर्धं हो आहे. हलगी कुणाच्याही हातात जावी, मुलींच्या तर जावीच. एखादं वाद्य एकाच जातीने वाजवायचं हा नियम मोडला तरच त्याला चिकटलेला कमीपणा सुटेल. पण ढोल-ताशाच्या या भरभराटीत, ज्या घरांत ताशा पिढ्यान्पिढ्या वाजत होता त्या घरांचं काय झालं, हे कुणी विचारलं का? पथकं मोफत वाजवतात किंवा सामाजिक कामासाठी मानधन घेतात, तो त्यांचा मोठेपणा. पण पोटासाठी वाजवणाऱ्याच्या सुपारीवर त्याचा घाला पडतो. कला वरच्या मजल्यावर गेली आणि कलावंत जिन्याखाली राहिला, असं हलगीच्या बाबतीत होऊ द्यायचं नसेल तर शिकवणारा माणूस त्या घरातलाच हवा आणि त्याला शिकवण्याचे पैसे हवेत. तासाचे, ठरलेले, बँकेत जमा होणारे.

दक्षिणेकडे बघितलं तर हे अशक्य नाही असं दिसतं. तमिळनाडूत परई हे असंच वाद्य. दलितांच्या गळ्यात घातलेलं, मयताशी जोडलेलं, अपमानाचं. तिथल्या चळवळीतल्या लोकांनी मयतापुढे सक्तीने वाजवायला नकार दिला आणि तेच वाद्य आपल्या सभांत, मोर्च्यांत, रंगमंचावर स्वतःच्या मर्जीने वाजवलं. नकार आणि स्वीकार एकाच वेळी. २०२५ साली परईवादक वेलू आसान यांना पद्मश्री मिळाली. त्याआधी २०२३ साली कर्नाटकातल्या तमटेवादक मुनिवेंकटप्पांना मिळाली. पुरस्काराने पोट भरत नाही हे खरं, पण या दोन राज्यांत एका ठरावीक जातीच्या चर्मवाद्याला 'कला' हा शब्द सरकारी कागदावर लागला. सोलापूरपासून कर्नाटकची हद्द किती लांब? अक्कलकोट ओलांडलं की आलीच.

आपल्याकडे जलशांची आणि शाहिरीची मोठी परंपरा आहे. अण्णाभाऊ साठे मातंग समाजातून आले आणि त्यांनी डफावर, तमाशाच्या बाजात, राजकारण गावोगाव पोचवलं. अण्णाभाऊंच्या जयंतीला, १ ऑगस्टला, सोलापुरात मोठ्या मिरवणुका निघतात. त्यांतही डीजेच पुढे असतो. हे मी नाक मुरडून लिहीत नाही. ज्यांच्या वाडवडिलांना दुसऱ्याच्या वरातीपुढे वाजवावं लागलं, त्यांनी आपल्या मिरवणुकीत भाड्याने का होईना, सगळ्यात मोठा आवाज आणावा यात एक वाजवी गुर्मी आहे. इतर मंडळांना डीजे शोभतो आणि यांना तेवढी संस्कृती आठवावी, असा शहाणपणा कुणी शिकवू नये. पण त्याच मिरवणुकीत शंभर हलग्या स्वतःच्या मर्जीने, स्वतःच्या नेत्यासाठी वाजल्या तर तो आवाज वेगळाच असेल, असं मला वाटतं. हा निर्णय अर्थात त्या मंडळांचा आणि त्या पोरांचा.

बाकीच्यांनी काय करायचं, तर सुरुवात पैशापासून करावी. डीजेला पर्याय म्हणून हलगी सुचवणाऱ्या प्रत्येक मंडळाने ताफ्याशी लेखी करार करावा. माणसं किती, तास किती, रक्कम किती, निम्मी आगाऊ, जेवण सगळ्यांबरोबर. अंगावर किंवा जमिनीवर नोट टाकायची नाही, ही अट मंडळाने स्वतःच्या कार्यकर्त्यांना घालावी. मंडळाच्या फलकावर मूर्तिकाराचं आणि मंडपवाल्याचं नाव असतं, त्याखाली ताफ्याचं आणि वादकांचं नाव यावं. त्या फलकाचा फोटो हा वादकाच्या मानधनाच्या अर्जाला पुरावाही होईल. यातल्या एकाही गोष्टीला सरकारी योजना लागत नाही.

सरकारचं काम वेगळं आहे. २०२० च्या शैक्षणिक धोरणात सहावी ते आठवीच्या मुलांसाठी दप्तराविना दहा दिवस ठेवले आहेत आणि त्यांत स्थानिक कारागीर, कलाकारांकडून मुलांनी शिकावं असं म्हटलंय. सोलापूरच्या शाळांमधून हे दिवस कागदी फुलं करण्यात घालवण्यापेक्षा हलगीवादकाला शिक्षक म्हणून, मानधन देऊन, वर्गात बोलावता येईल. लेझीम तर आपल्या शाळांत आधीपासून आहे. गणपतीच्या आधी महिनाभर गल्लीबोळात रात्री लेझमीचे सराव चालतात. लेझमीच्या पोरांना नुसती शिट्टी आणि ढोल देण्याऐवजी हलगी दिली तर शिकायला मुलांची वाण पडणार नाही.

विद्यापीठाकडून मला याहून जास्त अपेक्षा आहे. एका जिल्ह्यासाठी स्थापन झालेलं, अहिल्यादेवींचं नाव लावणारं विद्यापीठ आपल्याकडे आहे. युवा महोत्सवांत तबल्याला, पखवाजाला शास्त्रीय तालवाद्य म्हणून एकल वादनाची स्पर्धा असते. हलगी सापडते ती लोकवाद्यवृंदाच्या घोळक्यात. हलगीचं एकल वादन ऐकायला कुणी तयार नसेल, तर तिच्यात एकट्याने ऐकण्यासारखं काय आहे हे कळणार कसं? जुन्या वादकांना बसवून फडाची, पालखीची, बेंदराची, मयताची अशी प्रत्येक चाल त्यांच्या तोंडच्या बोलांसकट रेकॉर्ड करून ठेवायला हवी. प्रत्येक रेकॉर्डिंगवर वादकाचं आणि गावाचं नाव हवं, त्याच्या परवानगीने, आणि त्याचे पैसे त्याला मिळायला हवेत. मयताची चाल वाजवायला कुणी नकार दिला तर तो नकारही तिथं नोंदवून ठेवावा.

एक-दोन आक्षेपांची दखल घ्यायला हवी. हलगीसुद्धा काही कमी आवाजाची नाही. जवळून ऐकली तर कान बधिर करते आणि वर्षानुवर्षं वाजवणाऱ्यांना स्वतःला कमी ऐकू यायला लागतं. ५५ डेसिबलच्या नियमात तीही बसायची नाही, म्हणून 'डीजे वाईट, हलगी चांगली' हे सरसकट म्हणणं प्रामाणिक नाही. फरक एवढाच, की हलगीवाल्याचा हात दमतो. तो थांबतो, पाणी पितो, पुढे सरकतो. त्याचा आवाज बटण फिरवून दुप्पट करता येत नाही. रात्री दहानंतर शांतता हवी असेल तर ती हलगीपासूनही हवी, हे मान्य करून पुढे जाऊ.

दुसरा आक्षेप शुद्धतेवाल्यांचा. आता बऱ्याच हलग्यांवर कातड्याऐवजी फायबरचं पान असतं. आवाज जरा पातळ, कर्कश येतो, पण शेकायला लागत नाही, पावसात बसत नाही, फाटलं तर नटबोल्ट सैल करून दुसरं बसवता येतं. कातडं महाग झालंय, चांगलं मिळत नाही, कमावून देणारी माणसंही कमी झाली आहेत. त्यामुळे ताफेवाले फायबर घेतात आणि संस्कृतिरक्षक हळहळतात. हळहळणाऱ्यांनी जानेवारीच्या पहाटे रस्त्यावर जाळ करून बसून बघावं. वादकाने काय वापरायचं ते वादक ठरवेल. रेकॉर्डिंगसाठी, शिकवण्यासाठी कातडी हलगी हवी असेल तर ती विकत घेऊन देणाऱ्याने द्यावी.

राहिला प्रश्न मामांच्या मुलाचा. त्याने लोकांपुढे वाजवावं का? मला वाटतं, हा प्रश्न आपण त्याला विचारायचाच नाही. तो शिकू दे, नोकरी करू दे, वाटलं तर घरात वाजवू दे. आपण विचारायचं ते मंडळाच्या खजिनदाराला, की यंदाच्या जमाखर्चात वाद्यांचा आकडा किती आणि त्यातला हलगीच्या ताफ्याच्या खात्यात किती जमा होणार. हा आकडा वर्गणीच्या पावतीपुस्तकाबरोबर दारोदार छापून आला पाहिजे. वर्गणी देणारा प्रत्येक माणूस तो मागू शकतो आणि मिळाला नाही तर पावती न फाडता परत पाठवू शकतो.